आईचं घर गरीब करण्याचं काम

माझं काम काय, हे गावात कुणाला धड समजावून सांगता आलेलं नाही. सिनेमात असते म्हटलं की लोक आधी माझ्या तोंडाकडे बघतात आणि मग गप्प होतात, कारण या तोंडाची नटी त्यांनी कुठं पाहिलेली नसते. मग मी सांगते की पडद्यावर जे घर, जी गल्ली, जे दुकान दिसतं ते मी उभं करते. भांडगावच्या एका ढाब्यावर एका आबांनी यावर विचारलं होतं, "म्हंजी गवंडी?" मी म्हटलं, "व्हय आबा, गवंडीच. फकस्त माझं घर काम झालं की पाडत्यात." ते म्हणाले, "मग बांधता कशाला?" 

या कामाला प्रॉडक्शन डिझायनर म्हणतात. ते म्हणवून घ्यायला मला अर्धं आयुष्य लागलं. त्याआधी मी असिस्टंट होते, मग बाकीच्या असिस्टंटांना सांभाळणारी, मग पुन्हा असिस्टंट. सिनेमा संपल्यावर नावं धावत वर जातात ना, त्यात माझं नाव चहा देणाऱ्यांच्या जरा वर आणि जनरेटर चालवणाऱ्यांच्या जरा खाली असायचं. तोवर थिएटरमध्ये दिवे लागलेले असत आणि लोक चपला शोधत असत. मला त्याचा राग यायचा. अजूनही येतो. काम मी केलेलं असायचं आणि बक्षीस घ्यायला स्टेजवर दुसराच कुणी जायचा, तेव्हा मी खाली बसून टाळ्या वाजवल्या आहेत, पण मनापासून एकदाही नाही.

हे काम मी शिकले शिरूरच्या एका पेंटरचाचांकडून. उसाच्या ट्रॉल्यांवर मोर आणि कमळं काढण्यात, दुकानांच्या पाट्या लिहिण्यात आणि कारखान्याच्या निवडणुकीत भिंती रंगवण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता. आमच्या खुटबावच्या दूध संस्थेची पाटी लिहायला ते आले होते आणि मी तेव्हा कॉलेजला सुट्टी म्हणून घरी माशा मारत होते. त्या सुट्टीत मी त्यांच्यासोबत ट्रॉल्या रंगवल्या. भावकीतल्या बायकांनी आईला येऊन सांगितलं की तुझी पोरगी गडीमाणसांसारखी शिडीवर चढती. आई म्हणाली, "चढली तर चढली. पडली तर उचलायला मी हाय. तुमी कशाला हात पुढं करताय?" त्यानंतर कुणी आलं नाही.

पुढे मुंबईत कलाविद्यालय, स्टुडिओ, भाड्याच्या खोल्या हे सगळं रीतसर झालं. ते सगळ्यांचंच सारखं असतं, त्यात सांगण्यासारखं काही नाही. सांगण्यासारखे आहेत ते माझे इटालियन साहेब.

एका परदेशी जाहिरातीच्या कामात त्यांनी मला पाहिलं. त्यांनी मागितलेली जुनी लाकडी खिडकी मी प्लायवूडची करून दिली होती आणि त्यांनी ती हाताने दाबून बघेपर्यंत त्यांना कळलं नव्हतं. ते इतके खूश झाले की त्यांनी खिडकीचाच मुका घेतला. त्यानंतर भारतात त्यांचं जे काही काम आलं, त्याला त्यांनी मलाच बोलावलं. उंच, वाकलेले, पांढऱ्या मिशांचे; बोटांना कायम पेन्सिलीचं काळं. मुंबईची पोरं त्यांना बुढ्ढा म्हणायची. मी साहेब म्हणायचे, आणि मनात गुरुजी.

त्यांचे वडील भिंतींना गिलावा करायचे. साहेब तरुणपणी एका स्टुडिओत लागले ते प्लायवूडवर खोटा संगमरवर रंगवायला. त्यांनी वर्षानुवर्षं फक्त संगमरवराच्या शिरा काढल्या. मग त्यांना खांब करायला मिळाले, मग जिने, मग अख्खे राजवाडे. सम्राटांची स्नानगृहं, पोपची दालनं, बुडणारी जहाजं असं सगळं त्यांनी लाकूड, प्लास्टर आणि रंगातून उभं केलं होतं. पण म्हातारपणी राजवाड्यांचे सिनेमे निघेनासे झाले. पैसेवाल्यांना आता छोटे सिनेमे हवे होते, गरिबांचे, आणि साहेब गरिबांची घरं बांधू लागले. गंमत अशी की राजवाड्यांना जी बक्षिसं मिळाली नाहीत ती झोपड्यांना मिळाली. ते स्वतःच हसून सांगायचे. मीही हसायचे, पण ते मला कुठेतरी टोचायचं.

शिकवलं मात्र त्यांनी जीव ओतून. "भिंतीला रंग कुठला द्यायचा ते नंतर ठरव," ते म्हणायचे, "आधी त्या भिंतीला कोण टेकून बसतं ते ठरव." एवढं एक वाक्य घेऊन मी पुढची सगळी कामं केली आहेत. त्यांच्याबद्दल मी आता जे सांगणार आहे त्यात माझा राग आहे, पण हे ऋण मी नाकारत नाही.

तर त्यांचा शेवटचा सिनेमा. गोष्ट साधी होती. आपल्याकडच्या एका गावातला मुलगा इटलीत गाईंच्या गोठ्यावर कामाला जातो. चांगला कमावतो, घरी पैसे पाठवतो. एक दिवस तिकडेच मरतो आणि इथे त्याची आई निरोपाची वाट बघत बसते. अर्धा सिनेमा तिकडे, अर्धा इकडे. इकडच्या अर्ध्याचं काम माझ्याकडे आलं आणि साहेबांनी निर्मात्यांकडून शब्द घेतला की या वेळी माझं नाव त्यांच्या शेजारी, एकाच पाटीवर, सिनेमाच्या सुरुवातीला येईल. पाटी पडद्यावर थांबते. धावत नाही. लोक जागेवर बसलेले असतात तेव्हा येते. मी हे फोनवर ऐकलं तेव्हा मुंबईतल्या एका फुटपाथवर उभी होते आणि तिथेच खाली बसले.

रोमहून साहेबांनी गोष्टीतल्या आईच्या घराची चित्रं पाठवली. दोन खोल्या, पुढे ओटा, दारासमोर शेत. भिंती काळ्या पडलेल्या, गिलावा सुटलेला, कोपऱ्यात चूल आणि बाकी काही नाही. ती मांडणी बघितल्याबरोबर मला आमचंच घर दिसलं. खुटबावला आमचं घर तसंच आहे, दोन खोल्या, वर स्लॅब, पुढे ओटा आणि ओट्यावरून थेट ऊस. आई तिथे एकटी राहते. मी फोटो पाठवले, साहेबांनी लगेच होकार कळवला. आईला विचारलं. शूटिंगसाठी घर जुनं करावं लागेल, मग परत नवं करून देऊ, असं सगळं सांगितलं. आई म्हणाली, "कर की. घर काय झिजतंय व्हय?" आणि ती तिच्या बहिणीकडे, केंदूरला, राहायला निघून गेली. सामान आम्ही चुलत्यांकडे हलवलं.

घर आकाशी रंगाचं होतं, दोनच दिवाळ्यांपूर्वी दिलेला रंग. शिरूरहून चाचा त्यांची माणसं घेऊन आले. तारेच्या ब्रशनं आम्ही तो रंग खरवडला. जागोजागी गिलाव्याचे पोपडे उडवले आणि मध्ये मध्ये पुट्टीचे ठिगळ मारले, म्हणजे मालकानं कधीतरी डागडुजी केल्यासारखं दिसावं. जवळच्या गुऱ्हाळावरून काजळी पोत्यानं आणली, ती चहाच्या पाण्यात कालवली आणि फडक्यानं भिंतींवर पुसली. ओट्याची कड हातोडीनं फोडली. चाचा शिडीवरून म्हणाले, "बेटा, जिंदगीभर लोकांनी मला घर चकाचक करायला बोलावलं. घाण करायला बोलावणारी तू पहिली." आम्ही पोट धरून हसलो. काम झकास झालं होतं. मी लांब उसात उभी राहून बघितलं आणि खरं सांगते, मला माझा अभिमान वाटला. घर ओळखू येत नव्हतं.

मग चाचा आणि त्यांची माणसं पुतण्याच्या लग्नाला शिरूरला गेली. मी साहेबांना आणायला पुण्याला गेले. घरावर लक्ष ठेवायला गुऱ्हाळावरचा एक उत्तर प्रदेशातला कामगार ठेवला होता.

आणि आई केंदूरहून ठरल्यापेक्षा आधी परत आली.

पुढे काय झालं ते मला नंतर तिच्याच तोंडून कळलं. तिनं घर बघितलं. खरवडलेल्या भिंती, पुट्टीचे ठिगळ, फुटलेली कड, आणि राखणदार सोडला तर माणूस एकही नाही. आमच्याकडे घर रंगवायला काढलं की मधल्या दिवसांत प्रत्येक घर असंच दिसतं. आणि आमच्याकडे रंगारी काम अर्धवट टाकून जातात, हेही सगळ्यांना माहीत आहे. आईनं राखणदाराला विचारलं, "रंगारी कुठं गेलं?" तो म्हणाला, "शादी में गए हैं, माताजी." झालं. काम अर्ध्यावर सोडणारा प्रत्येक रंगारी लग्नालाच गेलेला असतो. आईच्या पायाची आग मस्तकाला गेली. पोरीनं विश्वासानं काम दिलं, ते पळून गेले, आणि परवा परदेशाचा साहेब येणार, त्याच्यापुढे पोरगी तोंडघशी पडणार. मी सांगितलेलं जुनं करणं म्हणजे जुना रंग काढून नवा देणं, असंच तिनं धरलं होतं; तिला दुसरं काही सुचणं शक्यच नव्हतं.

मला फोन करून घोर लावण्यापेक्षा तिनं बचत गटातल्या बायका गोळा केल्या. केडगावच्या बाजारातून रंग आणला. कुणी शिडी आणली, कुणी रोलर. पोळ्याआधी, दिवाळीआधी, लग्नाआधी घरं झाडून-रंगवून काढणाऱ्या बायका त्या. सगळ्यांनी पदर खोचले आणि दोन दिवसांत घर उभं केलं. फुटलेली कड सिमेंटनं भरली. चुलत्यांकडचं सगळं सामान परत आणून जिथल्या तिथे लावलं.

आम्ही पुण्याहून आलो तेव्हा गाडीत साहेब, मी आणि मुंबईचा लाइन प्रोड्यूसर होतो. लाइन प्रोड्यूसर म्हणजे शूटिंगचा सगळा हिशेब आणि वेळापत्रक सांभाळणारा माणूस. याचा चष्मा डोळ्यांवर कमी आणि कपाळावर जास्त असायचा. यवत सोडल्यावर साहेब खिडकीला नाक लावून बसले होते. गाडी ओट्यासमोर थांबली आणि मला वाटलं ड्रायव्हर चुकला.

घर गुलाबी झालं होतं. नुसतं गुलाबी नाही, खाली पोपटी पट्टा, खिडक्यांना पिवळ्या चौकटी. दारावर मोठ्या अक्षरांत सुस्वागतम. अंगणात रांगोळी. ओट्यावर गटाच्या सगळ्या बायका ठेवणीतल्या साड्या नेसून उभ्या, आणि मध्ये माझी आई, हातात औक्षणाचं ताट. हाताला अजून गुलाबी रंग होता.

मला आधी हसू आलं. मग उद्याचं शूटिंग आठवलं. साहेब मात्र उतरले, ओट्याशी जाऊन वाकले आणि कपाळ पुढे केलं. आईनं त्यांना कुंकू लावलं, ओवाळलं. ती माझ्याकडे बघून डोळ्यांनीच म्हणाली, वाचवलं का न्हाई तुला?

लाइन प्रोड्यूसर मात्र ओरडला. "ये किसने किया?" बायका खुशीत म्हणाल्या, "हमने किया." त्यानं कपाळ बडवलं. मग आईकडे वळून म्हणाला, "आंटी, आपने सत्यानाश कर दिया. हमको गरीब का घर चाहिए था." आणि मला म्हणाला की संध्याकाळपर्यंत हे सगळं परत काळं झालं पाहिजे, उद्या सकाळी कॅमेरा लागणार, नाहीतर तुझं नाव काटून टाकीन. हे सगळं हिंदीत. आईला हिंदी चांगली कळते. गुऱ्हाळावरच्या माणसांशी ती रोज बोलते. माझ्यासाठी अवघड झालं ते एवढंच की तिनं ते सगळं ऐकलं.

आईनं ताट खाली ठेवलं. "गरीब?" ती मला म्हणाली. "कोण गरीब? मी?"

मी तिला समजावायला तोंड उघडलं. म्हणजे मला म्हणायचं होतं की आई, हे तुझं घर नाही, गोष्टीतलं घर आहे, ती बाई वेगळी आहे. हे मी आयुष्यभर घरमालकांना सांगत आले आहे. पण तिच्या हाताला लागलेला रंग बघितला आणि ते सांगायचं सोडून दिलं. त्याऐवजी मी वळले आणि साहेबांशी बोलले. इंग्रजीत, आणि भरभर, कारण राग आला की माझं इंग्रजी सुधारतं.

मी म्हटलं, साहेब, या सिनेमातला मुलगा इटलीत कमावतो, पैसे पाठवतो, असं तुमच्याच गोष्टीत आहे. बरोबर? मग आमच्याकडे पहिला पैसा आला की पहिलं काय होतं माहितीये? घराला रंग लागतो. आधी रंग, मग बाकी सगळं. मुलगा परदेशात आहे हे गावाला आईनं तोंडानं सांगायचं नसतं, ते भिंतीनं सांगायचं असतं. तुम्ही मला शिकवलंत, भिंतीला कोण टेकून बसतं ते ठरव. या भिंतीला परदेशी गेलेल्या पोराची आई टेकून बसते. ती भिंत काळी कशी असेल? चूक मी केली होती, चित्र बघून मान हलवली. या बायकांनी ती दुरुस्त केली. हे घर आता बरोबर आहे. मी याला हात लावणार नाही.

लाइन प्रोड्यूसर म्हणाला, "तू लगाएगी नहीं तो कोई और लगाएगा." मी म्हटलं, "शिडी आमची आहे. लावून दाखव."

बायकांना माझं इंग्रजी कळलं नसेल, पण सूर कळला. त्या ओट्यावरून हलल्या नाहीत. एक तर ओट्याच्या कडेला पाय सोडून बसलीच. साहेब बराच वेळ भिंतीकडे बघत होते. त्यांनी बोटानं रंग चाचपला, पिवळ्या चौकटीवरून हात फिरवला. मग म्हणाले, मला विचार करू दे, आणि गाडीत जाऊन बसले. शूटिंग एक दिवस पुढे ढकललं गेलं. लाइन प्रोड्यूसरनं जाताना माझ्याकडे असं पाहिलं की जणू त्याच्या घरचं लग्न मी मोडलं.

रात्री आईला झोप लागली नाही, मलाही नाही. आम्ही एकमेकींशी बोललो मात्र नाही. दोघी तापट, त्यामुळे गप्प बसणं हीच आमच्यात समजूत काढण्याची पद्धत आहे.

दुसऱ्या दिवशी दुपारी साहेब एकटेच आले. आई त्यांना जेवल्याशिवाय सोडणार नव्हती. तिनं मासवडी केली होती. मासवडी आणि तिचा झणझणीत रस्सा खाताना साहेबांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि तरी ते ताट पुढे करत होते. आई त्यांच्यावर खूश झाली. "खातंय बाबा," ती म्हणाली. मला वाटलं, जमेल. आता सगळं जमेल.

हात धुऊन साहेब बोलायला लागले. मी दोघांच्या मध्ये बसून इकडचं तिकडे करत होते. ते म्हणाले की माझं बरोबर होतं, चित्र त्यांचं चुकलं होतं, रोममध्ये बसून काढलेलं. बाहेरचा गुलाबी रंग राहील. त्यांनी दिग्दर्शकाला पटवलं आहे, निर्मात्यांना पटवलं आहे. माझं नावही जिथे ठरलं होतं तिथेच राहील. मी हे आईला मराठीत आनंदानं एका दमात सांगितलं. आई म्हणाली, "बघ. शिकल्यालं माणूस हाय."

मग ते म्हणाले, फक्त एक गोष्ट. आतल्या खोलीतलं सामान काढू या. त्यांनी उठून एकेक दाखवलं. टीव्ही. स्टीलचा रॅक. पाण्याचा फिल्टर. प्लास्टिकच्या खुर्च्या. फ्रिज. हे सगळं बाहेर. आत फक्त एक खाट, एक दिवा आणि ती बाई. त्यांनी ते अगदी प्रेमानं सांगितलं. म्हणाले, हा शेवटचा प्रसंग आहे. याच खोलीत तिला मुलगा गेल्याचा निरोप येतो. मी सगळं आयुष्य खोल्या बांधण्यात घालवलं आणि त्यातून एवढं शिकलो की भरलेल्या खोलीत प्रेक्षक रडत नाही. दुःखाला रिकामी खोली लागते. फ्रिजसमोर कुणी रडलं तर लोकांना ते खरं वाटत नाही.

त्यांच्या बोलण्यात तथ्य नव्हतं असं नाही. मी स्वतः कितीतरी खोल्या तशा रिकाम्या केल्या आहेत. मी वाक्य मनात जुळवत होते, आईला कसं सांगू, की थोडंसंच सामान, दोन दिवसांपुरतं. पण मी जुळवाजुळव करतेय हे आईला कळलं.

"काय म्हणतोय?" ती म्हणाली. "नीट सांग. कमी-जास्त करू नगंस."

मी नीट सांगितलं. रिकामी खोली, खाट, दिवा, फ्रिज, सगळं.

 आईनं मला विचारलं, "ह्याला न्हाई म्हणलं तर तुझं नाव जाईल, व्हय?"

"जाईल," मी म्हटलं.

"मग तूच सांग, मी काय म्हणू?"

माझ्यापुढे ती पाटी दिसत होती, पडद्यावर थांबलेली, लोक जागेवर बसलेले. वीस-बावीस वर्षांत दुसरं काही मी एवढं मागितलं नव्हतं. आणि ते मिळायला आईच्या खोलीतून पाच-सहा वस्तू उचलून ओट्यावर ठेवायच्या होत्या, बस. ती नाही म्हणाली नसती. मी नुसतं म्हटलं असतं, दे ना गं, तर तिनं स्वतः फ्रिजला हात लावला असता. म्हणूनच मला ते म्हणता येईना.

"तुला जे म्हणायचंय ते म्हण," मी म्हटलं. "मी जसंच्या तसं सांगते."

आई साहेबांकडे वळली. तिनं आवाज चढवला नाही. औक्षण करताना होता तसाच तिचा चेहरा होता.

"बाबा," ती म्हणाली, "माझा नवरा ह्याच खोलीत गेला. तुमी उभं हायसा ना, तिथंच पलंग व्हता. टीव्ही तवा पण व्हता. रॅक व्हता. फ्रिज चालू व्हता, त्याचा घूंऽ आवाज येत व्हता, आन् त्यात त्यांची औषधं व्हती. सगळी खोली भरल्याली व्हती." तिनं पदर सारखा केला. "मग मी रडले न्हाई व्हय? साहेबांना इचार, ते रडणं खोटं व्हतं का?"

मी इंग्रजीत सांगायला सुरुवात केली. पलंग, टीव्ही, रॅक, औषधं, सगळं सांगितलं. "तिचा नवरा" असं म्हणायला गेले आणि तोंडातून निघालं, "माझे वडील." माझे वडील या खोलीत गेले, हे वाक्य मी इंग्रजीत कधी बोलले नव्हते, मराठीतही फार वेळा नाही. बोलता बोलता मी उठून फ्रिजपाशी गेले होते. फ्रिजसमोर उभी राहून मी रडत होते आणि साहेब बघत होते.

रडू थांबल्यावर मी त्यांना उरलेलं सांगितलं. सामान हलणार नाही. तुम्हाला रिकामी खोली मिळेल, दुसऱ्या गावात, दुसऱ्या कुणाच्या घरात, पैसे दिले की कुणीही रिकामी करून देईल. पण ती मी केलेली नसेल. म्हणून पाटीवरून माझं नाव काढा. तुमच्या माणसानं काटायची वाट बघू नका, मीच सांगते, काढा.

साहेबांनी मान खाली घातली. मग हळूच होकारार्थी हलवली.

आई माझ्याकडे निरखून बघत होती. "मी तर एवढंसंच बोलले," ती म्हणाली. "तू लई बोललीस."

"थोडं माझं पण व्हतं," मी म्हटलं.